छाट

सुपात तेंदूची पानं, मांडीवर सूप,
आणि समोर टीव्हीत आमचे हे
दार उघडतात, म्हणतात, "साहेब आत आहेत,"
बाजूला होतात.
एक विडीसुद्धा वळून होत नाही तेवढ्यात.

सव्वीस वर्षं झाली, मी त्यांचं काम विड्यांत मोजते.
हवालदार म्हणजे अर्धी.
कोर्टातला शिपाई, दोन.
एकदा तलवारीनं मेले तेव्हा अकरा झाल्या,
कारण मरताना पावसात पडायचं होतं
आणि पाऊस बंबाचा होता, सारखा थांबत होता.

पडद्यावर नाव येतं, पण पळत येतं.
राजमल्लू चिलवेरीचं एकदा चिलबेरी केलं होतं.
श्रीलता रडली, शाळेत जाईना.
हे म्हणाले, फळासारखं वाटतंय की, राहू दे.

बूट मिळेल त्या मापाचे. कधी नऊ, कधी सात.
म्हणून चाल प्रत्येक वेळी निराळी.
पेपरात कुणी लिहिलं,
देहबोलीचा बारीक अभ्यास.
मी त्या रात्री टाचेला हळद लावत होते.

बोलण्यात तेलुगू डोकावते म्हणून
आधी वाक्यं कापली.
मग दिवस फिरले, तीच बोली हसवायला मागितली.
यांनी दिली, पण घरातली नाही.
विकायची एक वेगळी करून ठेवली,
गिऱ्हाइकाला दाखवायच्या चादरीसारखी,
रंग भडक, वीण सैल.

आमच्याकडे चेकर वाईट विडी बाजूला टाकतो,
तिला छाट म्हणतात. छाटीचे पैसे नाहीत.
यांच्याकडेही असा कुणी अंधाऱ्या खोलीत बसतो म्हणे.
चार दिवस जाऊन आले,
सिद्धेश्वरनं, शेंगाचटणीची एक पुडी मेकअपवाल्यासाठी वेगळी बांधून,
आणि सिनेमात नुसता खांदा.

पण तो गिरणीचा सिनेमा.
हिरो मागावर चढून बोलत होता,
आणि मागं, धूसर, हे.
"काका, तुम्ही फक्त हात हलवत राहा."
धागा खरंच तुटला.
यांनी न बघता टोक ओठाला लावलं,
दोन बोटं, एक वळसा, नखानं ओढ,
आणि माग चालू.

पूर्व भागातली सगळी गल्ली आली होती मॅटिनीला.
पडद्यावर हक्काबद्दल काहीतरी चाललेलं,
आमच्या रांगेत ऐकत कोण होतं?
शेजारी म्हातारे गुंडेटी,
मिल बंद पडून त्यांना वीस वर्षं झालेली.
त्यांची बोटं मांडीवर हलली.
पलीकडच्याची. त्याच्या पलीकडच्याची.
मागून कुणीतरी हळूच म्हणालं, "मुडी पडिंदी."
गाठ बसली.

ते तेवढं छाटायचं राहून गेलं होतं.
मी दुसऱ्यांदा गेले, तिसऱ्यांदा गेले.
किती विड्यांचं ते मला सांगता येणार नाही,
थिएटरात सूप नेत नाहीत.

आज फोन आला. मयताचा रोल.
दोन दिवस, डोळे मिटून पडायचं, जेवण त्यांचं.
"वाक्य नाही, म्हणजे कापायची भीती नाही," हे म्हणाले,
आणि शहाबादी फरशीवर आडवे झाले.
बाहेर एप्रिल भाजत होता, फरशी तेवढी गार.

पोट हलतंय, मी म्हटलं.
श्वास धरला.
पापणी हलतेय.
धरली.
मग बराच वेळ काहीच हललं नाही
आणि माझा हात पानावर तसाच थांबला.

"अहो."
मयत हसलं.

सकाळी कारखान्यात माप द्यायचंय.
हजाराला पंधरा कमी आहेत.
मी दोरा दातानं तोडला, म्हटलं,
अजून एकदा मरा,
तेवढ्यात होतील.